पराभूतांचा फॅसिझम आणि आपला शिपाई

१९५५ च्या अखेरीस आणि १९५६ च्या सुरुवातीस फ्रान्सच्या चित्रपट परीक्षण मंडळापुढे ३२ मिनिटांचा एक लघुपट आला. त्यात प्रेतांचे ढीग होते, बायकांच्या कापलेल्या केसांचे डोंगर होते, बुलडोझरने खड्ड्यात लोटली जाणारी मानवी शरीरे होती. मंडळाला विशेष खटकले ते मात्र काही सेकंदच पडद्यावर राहणारे एक साधे छायाचित्र. पॅरिसच्या दक्षिणेस सुमारे ८० किलोमीटरवर असलेल्या पितिव्हिए येथील छावणीवर एक पहारेकरी उंचावरून नजर ठेवून उभा आहे. त्याचा चेहरा ओळखू येत नाही, पण डोक्यावरची 'केपी' टोपी पाहून तो फ्रेंच जेन्दार्म, म्हणजे सरकारी सशस्त्र पोलीस दलातला शिपाई आहे, हे कोणाही फ्रेंच माणसाला तत्काळ कळले असते. हे छायाचित्र काढून टाकावे असा आग्रह झाला, निर्मात्यांनी त्याला विरोध केला, आणि शेवटी तडजोड म्हणून छायाचित्रातल्या त्या टोपीवर एक तुळई रंगवण्यात आली. त्या रंगवलेल्या तुळईसह तो लघुपट कित्येक दशके जगभर दाखवला गेला. मूळ छायाचित्र त्यात परत आले ते विसाव्या शतकाच्या अखेरीस.

हा लघुपट म्हणजे फ्रेंच दिग्दर्शक आलँ रेने यांचा, नाझी छळछावण्यांवरचा 'नाइट अँड फॉग'. फॅसिझम आणि आक्रमक राष्ट्रवाद यांच्याविरुद्ध युद्धोत्तर काळात जे अनेक लघुपट निघाले, त्यांत याचे स्थान फार वरचे आहे. त्याच्या कलागुणांविषयी भरपूर लिहिले गेले आहे. मला येथे मांडायचा मुद्दा कलेचा कमी आणि सार्वजनिक व्यवहाराचा अधिक आहे. फॅसिझमविरोधी म्हणवणाऱ्या कलाकृतीने हरलेल्या शत्रूचा धिक्कार किती प्रखरपणे केला, एवढे पाहून तिचे मोल ठरत नाही. ज्या देशाच्या पाठिंब्याने आणि परवानगीने ती तयार झाली, त्या देशाच्या शासनाला तिच्यातले काय सोसले नाही, हे पाहावे लागते. या कसोटीला 'नाइट अँड फॉग' एका ठिकाणी पुरेपूर उतरतो आणि दुसऱ्या एका ठिकाणी, माझ्या मते, कमी पडतो. आणि दोन्हींचे मूळ एकाच जागी आहे.

सोप्या प्रकारचे फॅसिझमविरोधी लघुपट कसे असतात, हे आधी पाहू. १९४५ मध्ये अमेरिकी लष्करी प्रशासनाने छळछावण्यांच्या चित्रीकरणातून 'डेथ मिल्स' हा सुमारे २२ मिनिटांचा माहितीपट तयार करवून घेतला आणि १९४६ च्या आरंभी जर्मनीतल्या आपल्या ताब्यातील प्रदेशात तो दाखवला. विजेत्याने पराभूताला त्याचा गुन्हा दाखवावा, एवढाच त्याचा हेतू होता. तो हेतू गैर होता असे मी म्हणणार नाही. परंतु आरोप करणारा पूर्णपणे बाहेरचा असला की आरोप ऐकणाऱ्याला मान फिरवणे फार सोपे जाते.

त्याहून अधिक बोलका नमुना म्हणजे अमेरिकी लष्कराच्याच सिग्नल कोअरने १९४३ मध्ये तयार केलेला आणि १९४७ मध्ये संक्षिप्त रूपात पुन्हा आणलेला 'डोन्ट बी अ सकर'. रस्त्याच्या कडेला उभा राहून एक वक्ता कृष्णवर्णीयांविरुद्ध, परदेशातून आलेल्यांविरुद्ध, कॅथलिकांविरुद्ध गरळ ओकतो आहे आणि माइक नावाचा तरुण माना डोलावत ऐकतो आहे. वक्ता फ्रीमेसन या बंधुसंघटनेच्या सभासदांवर घसरतो तेव्हा माइक दचकतो, कारण तो स्वतः फ्रीमेसन आहे. मग शेजारी उभा असलेला, हंगेरीत जन्मलेला एक वयस्क प्राध्यापक त्याला बर्लिनमध्ये आपण काय पाहिले ते सांगतो: समाजाचे तुकडे कसे पाडले गेले आणि प्रत्येक तुकडा दुसऱ्याच्या वेळी गप्प कसा राहिला. युक्तिवाद अचूक आहे आणि मांडणी चटकदार आहे. २०१७ च्या ऑगस्टमध्ये व्हर्जिनियातील शार्लट्सव्हिल येथे गोऱ्या वर्चस्ववाद्यांनी मोर्चा काढला, त्यानंतर हा जुना लघुपट समाजमाध्यमांवर लाखो लोकांनी पाहिला, यात नवल नाही. पण १९४७ मध्ये, म्हणजे कृष्णवर्णीयांविरुद्धच्या द्वेषाला बळी पडू नका असे अमेरिकी लष्कर पडद्यावरून सांगत होते तेव्हा, त्याच लष्करात गोऱ्यांच्या आणि काळ्यांच्या तुकड्या वेगवेगळ्या होत्या. हा भेद संपवण्याचा आदेश राष्ट्राध्यक्ष ट्रूमन यांनी २६ जुलै १९४८ रोजी काढला. लघुपटात या गोष्टीचा मागमूस नाही. लघुपट खोटे बोलत नाही, पण ज्याच्या तोंडून तो बोलतो त्याच्याविषयी मौन पाळतो; आणि म्हणून कोणत्याही सरकारी परीक्षकाची झोप त्याने उडवली नाही.

'नाइट अँड फॉग'चा जन्मही जवळजवळ सरकारी छत्राखालीच झाला होता, हे विसरून चालणार नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या इतिहासासाठी फ्रान्समध्ये स्थापन झालेली अधिकृत समिती आणि छावण्यांतून परतलेल्यांची एक स्मृतिसंस्था यांच्या पुढाकाराने, छावण्यांच्या मुक्तीला दहा वर्षे झाल्याच्या निमित्ताने, हा लघुपट योजला गेला. इतिहासकार आंरी मिशेल आणि ओल्गा वोर्मसर हे सल्लागार होते. रेने यांनी प्रथम नकार दिला. ज्याने छावणी भोगली नाही त्याने तिच्यावर चित्रपट करावा कसा, ही त्यांची अडचण होती. छावणीतून वाचलेला माणूस निवेदन लिहिणार असेल तरच, अशी अट घालून त्यांनी होकार दिला, आणि माउटहाउझेन-गुझेन छावणीतून परतलेले कवी झाँ कायरोल यांनी ते लिहिले. संकलनाच्या टेबलावरची दृश्ये पाहून कायरोल आजारी पडले. मग चित्रपटकार क्रिस मार्कर यांनी त्यांचा मजकूर दृश्यांच्या लयीशी जुळवला आणि कायरोल यांनी तो पुन्हा आपल्या हाताने घडवला. संगीत हान्स आइस्लर यांचे. हिटलरमुळे देशोधडीला लागलेल्या आणि नंतर साम्यवादी म्हणून अमेरिकेतूनही बाहेर पडावे लागलेल्या या संगीतकाराने पूर्व जर्मनीच्या राष्ट्रगीताला चाल दिली होती. निवेदन मिशेल बुके यांच्या आवाजात आहे आणि श्रेयनामावलीत त्यांचे नाव नाही. त्या आवाजात कोठेही गहिवर नाही, संतापही नाही. हिशेबनीस वही वाचून दाखवतो तसे ते वाचन आहे.

१९५५ च्या शरद ऋतूत रेने यांनी पोलंडमध्ये, आउश्वित्झ-बिर्केनाऊ आणि मायदानेक येथे जाऊन रंगीत चित्रीकरण केले आणि त्यात जुन्या कृष्णधवल फिती व छायाचित्रे गुंफली. वर्तमान रंगीत आणि भूतकाळ कृष्णधवल ही योजना आज सवयीची वाटते. तेव्हा ती नवी होती आणि तिच्यात एक विचार होता. कॅमेरा हिरव्या गवतातून, गंजलेल्या रुळांवरून, रिकाम्या बराकींमधून सावकाश सरकत राहतो आणि पाहणाऱ्याला पटत जाते की छावणी एखाद्या नरकात नव्हती. ती शेताच्या पलीकडे, बाजाराच्या गावाजवळ, रेल्वेच्या फाट्यावर होती.

या लघुपटाचे खरे बळ मला त्याच्या पहिल्या काही मिनिटांत दिसते. छावणी कशी बांधली जाते हे निवेदक सांगतो: एखादे क्रीडांगण किंवा मोठे हॉटेल बांधावे तशीच. ठेकेदार येतात, अंदाजपत्रके येतात, निविदांची चढाओढ होते आणि बहुधा लाचही दिली जाते. टेहळणीच्या मनोऱ्यांच्या शैलींची यादी तो वाचून दाखवतो. एखादा मनोरा आल्प्समधल्या घरासारखा, एखादा गॅरेजसारखा, एखादा जपानी धाटणीचा. पुढे क्रुप, सीमेन्स आणि आय. जी. फार्बेन या उद्योगांची नावे येतात, कारण छावणीतल्या गुलाम मजुरांचे गिऱ्हाईक तेच होते. बुखेनवाल्डमधला गटेचा ओक वृक्षही येतो; छावणी उभारताना त्या महाकवीचे झाड तेवढे अदबीने राखले गेले. ज्या राष्ट्रवादाला आपल्या संस्कृतीचा एवढा अभिमान वाटत होता, त्याने झाड जपले आणि झाडाखाली माणसे मारली, हे निवेदक एका वाक्यात सांगून पुढे जातो. या सगळ्यात हिटलरला फारशी जागा नाही, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. फॅसिझम म्हणजे एका वेड्या पुढाऱ्याचे भाषण, ही समजूत आपल्याला सोयीची असते, कारण पुढारी मेला की प्रश्न संपतो. ठेकेदार, कारकून, रेल्वेचे वेळापत्रक आखणारा आणि फाटकावरचा शिपाई हे मात्र राजवट बदलली तरी जागेवरच राहतात.

येथे आपल्या वाचनव्यवहाराविषयी थोडे बोलायला हवे. हिटलरचे आत्मचरित्र मराठी अनुवादात पुस्तकांच्या दुकानांत आणि पदपथांवर वर्षानुवर्षे सहज मिळत आले आहे आणि कित्येक वाचक ते 'इच्छाशक्ती'चे पुस्तक म्हणून वाचतात. छळछावण्यांच्या कारभारावरचे लेखन त्या मानाने मराठीत फारच थोडे आहे. पुढाऱ्याचे चरित्र वाचायचे आणि त्याच्या राजवटीचे दप्तर न उघडायचे, ही वाचनाची सवय निरुपद्रवी नाही.

आता त्या टोपीकडे वळतो. पितिव्हिए आणि शेजारची बोन-ला-रोलांद या छावण्यांचा पहारा फ्रेंच जेन्दार्मांकडे होता. १६ आणि १७ जुलै १९४२ रोजी पॅरिस आणि उपनगरांत फ्रेंच पोलिसांनी १३,००० हून अधिक ज्यू स्त्रिया, पुरुष आणि मुले पकडली. त्यांत ४,००० हून अधिक मुले होती. 'व्हेल दिव्ह' या सायकल शर्यतींच्या बंदिस्त क्रीडागृहात अनेक कुटुंबांना दिवसचे दिवस कोंडून ठेवले गेले आणि मग त्यांना या दोन छावण्यांत नेले. तेथे आयांना मुलांपासून वेगळे करून आधी पूर्वेकडच्या छावण्यांत पाठवले गेले आणि मुलांना नंतर. हे काम करायला जर्मन सैनिक फारसे लागले नाहीत. याद्या फ्रेंच प्रशासनाने ठेवल्या होत्या, दारे फ्रेंच शिपायांनी ठोठावली होती.

विलक्षण गोष्ट अशी की लघुपटाच्या निवेदनात पितिव्हिएचे नावही आहे आणि व्हेल दिव्हच्या धरपकडीचाही उल्लेख आहे. वॉर्सा, लॉड्झ, प्राग, अथेन्स अशा नावांच्या रांगेत ही नावे येऊन जातात. परीक्षण मंडळाने ती ऐकली आणि राहू दिली. आक्षेप होता तो चित्राला. याचे कारण माझ्या मते असे की नावांच्या यादीत कर्ता नसतो. 'पकडले गेले', 'नेले गेले', 'ठेवले गेले' ही कर्मणी क्रियापदे कोणत्याही राष्ट्राला पचतात. छायाचित्रात मात्र कर्ता उभा असतो, अंगावर गणवेश असतो आणि तो गणवेश १९५६ मध्येही पॅरिसच्या रस्त्यांवर दिसत होता. युद्धानंतर फ्रान्सने स्वतःची जी कथा रचली, तिच्यात युद्धकाळात जर्मनीशी सहकार्य करणारे विशी शहरातले फ्रेंच सरकार हे खरे फ्रान्सच नव्हते. १९४४ च्या ऑगस्टमध्ये निघालेल्या अध्यादेशाने त्याची कृत्ये रद्दबातल ठरवली होती आणि खरा फ्रान्स लंडनमध्ये आणि जर्मनांशी लढणाऱ्या प्रतिकारकांच्या गुप्त गटांत होता. शिपायाची टोपी या कथेत बसत नव्हती.

त्यानंतर फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचा प्रसंग घडला. १९५६ च्या स्पर्धेसाठी या लघुपटाची निवड झाली असता पश्चिम जर्मनीच्या दूतावासाने तो मागे घ्यावा अशी विनंती फ्रेंच सरकारला केली. सहभागी देशांच्या राष्ट्रीय भावना दुखावणारे चित्रपट वगळण्याची सोय महोत्सवाच्या नियमांत होती आणि फ्रेंच सरकारने ती वापरून स्वतःच्याच देशाचा चित्रपट स्पर्धेतून काढला. दोन्ही देश तेव्हा युरोपीय सहकार्याची घडी बसवत होते. छावण्यांतून परतलेल्यांच्या संघटनांनी तीव्र निषेध केला, पश्चिम जर्मनीतल्या वृत्तपत्रांनीही आपल्या सरकारवर टीका केली, आणि अखेर लघुपट स्पर्धेबाहेर दाखवला गेला. पुढे ज्यांचे आईवडील नाझींच्या छावणीत मृत्यू पावले होते ते कवी पाउल त्सेलान यांनी निवेदन जर्मनमध्ये आणले आणि पश्चिम जर्मन शासनाच्याच नागरी शिक्षण खात्याने त्याच्या प्रती शाळांसाठी वितरित केल्या. म्हणजे ज्या देशाने आक्षेप घेतला त्याने काही महिन्यांत लघुपट पूर्ण स्वीकारला आणि ज्या देशात तो तयार झाला तेथे रंगवलेली तुळई तशीच राहिली. दोघांतला कोण अधिक प्रामाणिक ठरला, हे वेगळे सांगायला नको.

येथवर मी लघुपटाच्या बाजूने बोललो. आता त्याच्या उणिवेविषयी. संपूर्ण निवेदनात ज्यू असा उल्लेख फक्त एकदा येतो; ॲम्स्टरडॅमचा ज्यू विद्यार्थी स्टर्न, असा, एका जर्मन कामगाराच्या, क्रेकोच्या एका व्यापाऱ्याच्या आणि बोर्दोच्या एका शाळकरी मुलीच्या ओळीत. दृश्यांमध्ये ज्यूंना सक्तीने छातीवर लावावे लागलेले पिवळे तारे स्पष्ट दिसतात, परंतु त्यांचा अर्थ निवेदक सांगत नाही. लघुपटाच्या आधीच्या आराखड्यात ज्यूंच्या 'अंतिम उपाया'चा, म्हणजे त्यांच्या समूळ संहाराच्या नाझी योजनेचा, उल्लेख होता आणि पूर्ण झालेल्या निवेदनात तो उरला नाही, हे नंतरच्या अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. शीर्षकही प्रतिकारकांच्या इतिहासातून घेतलेले आहे: ७ डिसेंबर १९४१ च्या नाझी आदेशानुसार पश्चिम युरोपातल्या विरोधकांना कोणताही ठावठिकाणा न कळू देता रात्रीत आणि धुक्यात नाहीसे करायचे होते. स्वतः कायरोल त्याच वर्गातले कैदी होते.

या उणिवेचे समर्थन दोन प्रकारे केले जाते. पहिले म्हणजे, १९५५ मध्ये ज्यूंच्या संहाराकडे स्वतंत्र घटना म्हणून पाहण्याची दृष्टी सर्वसाधारणपणे तयार झाली नव्हती. हे बऱ्याच अंशी खरे आहे, तरी पुरेसे नाही, कारण सल्लागार इतिहासकारांना तपशील ठाऊक होता. दुसरे समर्थन असे की लघुपटाला माणसा-माणसांत भेद न करता मानवजातीविषयी बोलायचे होते. या दुसऱ्या समर्थनाशी माझे भांडण आहे. फ्रान्समधून सुमारे ७६,००० ज्यू पूर्वेकडच्या छावण्यांत पाठवले गेले आणि त्यांतले सुमारे २,५०० परत आले. प्रतिकारात पकडल्या गेलेल्यांपैकी निम्म्याहून अधिक लोक परतले. दोघांच्या वाट्याला आलेले दैव इतके वेगळे असताना त्यांना एकाच 'हद्दपार कैद्या'च्या नावाखाली आणणे म्हणजे माणुसकी वाढवणे नव्हे. आणि येथेच त्या टोपीचा संबंध पुन्हा लागतो. प्रतिकारकाला प्रामुख्याने शत्रूने नेले होते. त्याची आठवण काढताना राष्ट्राची मान ताठ राहते. ज्यू शेजाऱ्याला त्याच्याच गल्लीतल्या शिपायाने नेले होते. त्याची आठवण काढली की तो शिपाई आठवावा लागतो. ज्यूंना 'सर्व बळी' या मोठ्या शब्दात मिसळून टाकले की शिपायाला झाकण्यासाठी तुळई रंगवण्याचीही फारशी गरज उरत नाही. परीक्षण मंडळाने जे रंगाने केले ते लघुपटाच्या कर्त्यांनी, हेतू चांगला असूनही, निवेदनातल्या मौनाने केले, असे मला म्हणावे लागते.

तरीही या व्यापक भाषेला मी पूर्णपणे मोडीत काढू शकत नाही, कारण तिच्यामागे अल्जीरिया होता. लघुपट तयार होत असताना अल्जीरिया या फ्रान्सच्या वसाहतीतले स्वातंत्र्ययुद्ध सुरू झाले होते. १९५५ च्या एप्रिलमध्ये आणीबाणीचा कायदा झाला आणि १२ मार्च १९५६ रोजी फ्रेंच संसदेने सरकारला विशेष अधिकार दिले. छावण्या, चौकशीतला छळ, संपूर्ण लोकसमूहाला संशयित ठरवणे हे सारे पुन्हा सुरू होत होते आणि या वेळी ते प्रजासत्ताक फ्रान्सच्या नावाने होत होते. लघुपटाच्या अखेरीस निवेदक अशा लोकांविषयी बोलतो, जे हे सगळे एकाच काळात आणि एकाच देशात घडले असे मानण्याचे सोंग करतात. ते वाक्य अल्जीरियासाठी होते, हे रेने यांनी पुढे स्वतः सांगितले. त्यांना सेन्सॉरचा अनुभव आधीच होता. मार्कर यांच्यासह केलेला, आफ्रिकी कलावस्तू आणि वसाहतवाद यांवरचा त्यांचा १९५३ चा लघुपट वर्षानुवर्षे पूर्ण स्वरूपात दाखवू दिला गेला नव्हता. म्हणून त्यांनी देशाचे नाव न घेता बोलण्याचा मार्ग धरला. व्यापक भाषा ही एका ठिकाणी ढाल होती आणि दुसऱ्या ठिकाणी पडदा ठरली. एकच साधन दोन्ही कामे करते, हे मान्य करूनच या लघुपटाकडे पाहिले पाहिजे. नुसता गौरव किंवा नुसता निषेध करणाऱ्यांना हे जमत नाही.

झाकलेल्या शिपायाचे पुढे काय होते, याचे उत्तर इतिहासाने एका माणसाच्या चरित्रात लिहून ठेवले आहे. मोरिस पापाँ १९४२ ते १९४४ या काळात बोर्दोच्या प्रशासनात वरिष्ठ अधिकारी होते आणि तेथून सुमारे १,६०० ज्यूंना रवाना करण्याच्या कागदांवर त्यांच्या कार्यालयाची मोहोर होती. युद्धानंतर त्यांच्या नोकरीला धक्का लागला नाही. ते अल्जीरियात प्रशासक झाले आणि १९५८ मध्ये पॅरिसचे पोलीसप्रमुख झाले. १७ ऑक्टोबर १९६१ रोजी पॅरिसमध्ये अल्जीरियन लोकांनी काढलेल्या शांततापूर्ण मोर्चावर त्यांच्याच पोलिसांनी हल्ला केला. अनेकांना मारून सेन नदीत फेकले गेले. त्यानंतर ते खासदार आणि मंत्रीही झाले. बोर्दोमधल्या कृत्यांसाठी मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांतील सहभागाबद्दल त्यांना शिक्षा झाली ती १९९८ मध्ये, वयाच्या ८७ व्या वर्षी. एका टोपीवर तुळई रंगवण्याला क्षुल्लक सेन्सॉरगिरी समजणाऱ्यांनी हा कालक्रम शेजारी ठेवून पाहावा. तुळईमुळे हे घडले असे कोणी म्हणणार नाही. परंतु ज्या सामूहिक इच्छेने ती तुळई रंगवली, त्याच इच्छेने पापाँ यांना बढत्या दिल्या.

आणखी एक आक्षेप नोंदवतो, कारण अशा लघुपटांच्या भक्तांकडून तो बहुधा दुर्लक्षिला जातो. त्यांतली बरीचशी दृश्ये गुन्हेगारांच्या आज्ञेवरून घेतलेली असतात. नेदरलँड्समधील वेस्टरबॉर्क छावणीतून सुटणाऱ्या गाडीच्या दाराच्या फटीतून बाहेर पाहणारी, डोक्याला फडके बांधलेली मुलगी या लघुपटातही आहे. १९४४ मध्ये हे चित्रीकरण छावणीच्या कमांडंटच्या हुकुमावरून रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू कैद्याने केले; पुढे त्यालाही आउश्वित्झला पाठवले गेले आणि तो परतला नाही. ती मुलगी कित्येक दशके ज्यू बळींची प्रतिमा म्हणून जगभर ओळखली गेली. १९९४ मध्ये एका डच पत्रकाराने शोध घेतला तेव्हा कळले की ती सेटेला श्टाइनबाख, म्हणजे सिंती या रोमा (जिप्सी) समाजातली मुलगी होती. रोमांचा संहार आपल्या स्मृतीत किती कमी जागा व्यापतो, हे एका चुकीच्या ओळखीने दाखवून दिले. तसेच, मृतदेहांपासून साबण तयार केला जात असल्याचे लघुपट सुचवतो. असे उत्पादन मोठ्या प्रमाणावर झाल्याचे इतिहासकार आज मानत नाहीत. संहार घडलाच नाही म्हणणारे लोक अशाच जागा हेरून बसलेले असतात. म्हणून अशा लघुपटाला पवित्र ग्रंथाप्रमाणे बंद ठेवणे त्याच्या शत्रूंच्याच पथ्यावर पडते. तो १९५५ चा दस्तऐवज आहे हे सांगून आणि त्यातल्या चुका दाखवून तो दाखवला, तर नाकारणाऱ्यांच्या हातात काही उरत नाही.

शासन अशा लघुपटाचा उपयोग कसा करते याचा एक प्रसंग १९९० चा आहे. मे महिन्यात दक्षिण फ्रान्समधील कार्पाँत्रा येथे ज्यू दफनभूमीची विटंबना झाली, देश हादरला आणि फ्रेंच दूरचित्रवाणी वाहिन्यांनी एकाच वेळी 'नाइट अँड फॉग' दाखवला. ती कृती मनापासूनची होती यात शंका नाही. पण तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष मितराँ यांनी विशीच्या कृत्यांची जबाबदारी प्रजासत्ताकाने घेण्यास शेवटपर्यंत नकार दिला. जुलै १९४२ च्या धरपकडीत फ्रेंच राज्याचा हात होता, हे राष्ट्राध्यक्षाने जाहीरपणे मान्य करायला १६ जुलै १९९५ उजाडावे लागले. ते काम झाक शिराक यांनी केले. लघुपट पाच वर्षे आधी घरोघरी पोचला होता. म्हणजे चित्रपट दाखवणे हे कबुलीचे साधन होऊ शकते तसेच कबुली पुढे ढकलण्याचेही होऊ शकते. दुसऱ्याने केलेल्या भयंकर गोष्टी पाहून आपण हळहळलो, या समाधानात आपल्या दप्तराचे कपाट बंदच राहते.

म्हणून शाळा-महाविद्यालयांत हा लघुपट सक्तीने दाखवावा की नाही, या वारंवार निघणाऱ्या प्रश्नाला माझे उत्तर होकारार्थी असले तरी सशर्त आहे. कोवळ्या वयाच्या मुलांना प्रेतांची दृश्ये दाखवू नयेत हा आक्षेप मला मान्य आहे. पंधरा-सोळा वर्षांखालील मुलांसाठी हा लघुपट नाहीच. अशा दृश्यांमुळे संवेदना बोथट होते हा दुसरा आक्षेप मात्र लघुपटापेक्षा दाखवण्याच्या पद्धतीला अधिक लागू पडतो. स्मृतिदिनी सभागृहात अंधार करायचा, ३२ मिनिटे दाखवायचे आणि दोन मिनिटे उभे राहून मुलांना घरी पाठवायचे, या रिवाजातून फारसे काही साधत नाही. सलग दोन तासिकांत तो दोनदा सहज पाहता येतो. पहिल्यांदा काहीही न सांगता पाहावा. मग तुळईसह आणि तुळईविना अशी पितिव्हिएची दोन्ही छायाचित्रे समोर ठेवावीत, वेस्टरबॉर्कचे दृश्य कोणी, कोणाच्या हुकुमावरून टिपले ते सांगावे, ज्यूंचा उल्लेख किती वेळा आला ते विद्यार्थ्यांनाच मोजायला लावावे आणि पापाँ यांच्या नोकरीचा कालक्रम फळ्यावर लिहावा. त्यानंतर तो दुसऱ्यांदा पाहताना विद्यार्थी प्रेतांकडे कमी आणि फाटकावर, रुळांवर, कार्यालयांत उभ्या असलेल्या माणसांकडे अधिक पाहतील. लघुपटाच्या शेवटाकडे खटल्यांची दृश्ये आहेत; त्यांत एकामागून एक प्रत्येक जण आपण जबाबदार नसल्याचे सांगतो आणि निवेदक विचारतो, मग जबाबदार कोण? या प्रश्नाचे उत्तर विद्यार्थ्यांनी जर्मन नावांनी द्यायला सुरुवात केली, तर शिक्षकाने त्यांना थांबवून आपल्या देशातल्या, आपल्या भाषेतल्या एखाद्या सरकारी चौकशी अहवालाची प्रत हातात द्यावी आणि त्यातली कर्मणी वाक्ये शोधायला सांगावीत.